अक्षराने जग हलते काय?

आमच्या दादीच्या पेटीत पांढऱ्या चिनी मातीची एक बशी असे. ती जेवणाखाणाला कधी निघत नसे. घरात कोणी तापाने फणफणले की मोहल्ल्यातले एक बुजुर्ग येत. जाफरानच्या पाण्यात बोरू बुडवून ते त्या बशीत काही हर्फ आणि आकडे लिहीत. मग दादी त्यावर पाणी ओतून ती अक्षरे बोटाने विरघळवी आणि ते पिवळे पाणी आजाऱ्याला पाजी. आम्हीही ते अनेकदा प्यालो आहोत. बशीत काय लिहिले आहे हे दादीला वाचता येत नव्हते, अब्बांनाही येत नव्हते. ते वाचण्यासाठी लिहिलेले नव्हतेच, पिण्यासाठी लिहिलेले होते.

आमच्या धाकट्या फुफीला लहानपणी फिट येत असे. दोन वर्षे तिच्या गळ्यातले तावीज वाढत गेले. एकदा चुलीपाशीच झटका आला आणि तिचा उजवा हात भाजला. तेव्हा कुठे तिला तालुक्याच्या डॉक्टरकडे नेले. गोळ्या सुरू झाल्या, झटके थांबले. पण हाताची दोन बोटे कायमची आखडली. घरात यासाठी कोणी कोणाला दोष दिला नाही. तावीज देणारे गृहस्थ भले होते, पैसेही घेत नसत. दादीचे प्रेम तर शंकेपलीकडचे. तरीही एक प्रश्न आमच्या मनात घर करून राहिला. अक्षर नुसते लिहिल्याने, उच्चारल्याने वा पोटात गेल्याने जगातली वस्तू हलते, शरीर बदलते, ही समजूत आपल्याकडे आली तरी कोठून?

या प्रश्नाला 'अज्ञान' असे एका शब्दात उत्तर देणारे आपल्यात पुष्कळ आहेत. इतिहास मात्र असे सोपे उत्तर देत नाही. अर्थ आणि वस्तू यांच्यात थेट नाते असलेली एखादी भाषा असावी, तिच्यातला शब्द उच्चारताच सृष्टीत कंप उठावा, या कल्पनेच्या मागे मुस्लिम जगातली अत्यंत तल्लख डोकी लागली होती. तिचा प्रतिवाद करणारी डोकीही त्याच जगातली होती. हा सगळा वाद आपल्याच घरातला आहे. तो आपल्याला ठाऊक नाही, एवढेच.

जाबिरचा तराजू

जाबिर इब्न हय्यान हे नाव रसायनविद्येच्या इतिहासात सर्वांना माहीत आहे. त्याच्या नावावर शेकडो रिसाले आहेत आणि ते एका माणसाच्या हातचे नसावेत, असे आधुनिक अभ्यासक मानतात. या ग्रंथांत 'मीजान', म्हणजे तराजू, नावाचा एक सिद्धांत येतो. अरबीच्या २८ अक्षरांचे सात-सातचे चार गट पाडायचे. एक उष्णतेचा, एक थंडीचा, एक कोरडेपणाचा, एक ओलाव्याचा. मग धातूच्या नावातली अक्षरे घेऊन त्या धातूत कोणता गुण किती प्रमाणात आहे याचा हिशेब मांडायचा. १, ३, ५, ८ ही त्या मापाची प्रमाणे आणि त्यांची बेरीज १७ हा साऱ्या सृष्टीचा आकडा. म्हणजे नाव हे वस्तूला चिकटवलेले लेबल नसून वस्तूचा नकाशाच आहे, अशी ही धारणा होती.

भाषेचे पंडितही याच प्रश्नाशी झुंजत होते. नवव्या शतकातला मुअतजिली विचारवंत अब्बाद इब्न सुलैमान याचे म्हणणे असे, की आवाज आणि अर्थ यांच्यात नैसर्गिक नाते आहे. सुयूतीने (मृत्यू १५०५) या मताची एक गमतीची हकीकत नोंदवली आहे. या मताच्या एका माणसाला कोणीतरी एक परका फारसी शब्द ऐकवला आणि अर्थ विचारला. तो म्हणाला, यात मला कोरडेपणा जाणवतो, बहुधा हा दगड असावा. दहाव्या शतकातल्या इब्न जिन्नीनेही अशी उदाहरणे जमवली. काकडीसारखे रसाळ काही खाण्याला अरबीत 'खद्म' म्हणतात, कडक आणि कोरडे चावण्याला 'कद्म'. यातला 'ख' मऊ आहे आणि 'क' कठीण. आपल्या 'खळखळ' आणि 'कडकड' या शब्दांकडे पाहिले तर हे म्हणणे अगदीच टाकाऊ वाटत नाही. पण बहुतेक विद्वानांनी अब्बादला उलट सवाल केला. शब्द आणि अर्थ यांचे नाते नैसर्गिक असेल, तर जगातल्या प्रत्येक माणसाला प्रत्येक भाषा न शिकताच समजायला हवी. ती का समजत नाही?

हवेची लाट

याच काळात दुसरीकडे आवाजाचा शोध अगदी वेगळ्या अंगाने चालला होता. आठव्या शतकात बसऱ्याच्या खलील इब्न अहमदने अरबीचा पहिला मोठा शब्दकोश योजला. त्यात त्याने अक्षरे नेहमीच्या क्रमाने लावली नाहीत. कंठाच्या तळापासून ओठांपर्यंत, आवाज जिथून निघतो त्या जागेनुसार लावली. म्हणून त्या कोशाचे नाव पडले 'किताबुल ऐन'. आज मक्तबात उस्ताद मुलांना जो 'मखरज' शिकवतात, त्याची मुळे या कामात आहेत. आपली मराठी जीभ बडी हे आणि छोटी हे यांत गोंधळते, काफ आणि काफ यांत घसरते. मग उस्ताद सांगतात की कंठातून 'कल्ब' म्हटले तर काळीज आणि जरा पुढे सरकून म्हटले तर कुत्रा. फरक जिभेच्या बोटभर हालचालीचा, अर्थाचा मात्र जमीन-अस्मानाचा.

दहाव्या शतकातल्या इख्वानुस्सफा मंडळाने आपल्या रिसाल्यांत लिहिले की आवाज म्हणजे हवेतली लाट होय. काच फुंकणारा कारागीर जसा फुगा फुंकतो, तशी ती चहूबाजूंनी गोल पसरत जाते आणि पसरता पसरता क्षीण होते. पुढे अकराव्या शतकात इब्न सीनाने अक्षरांचे आवाज कसे निर्माण होतात यावर एक छोटा रिसाला लिहिला. आघाताने किंवा एकमेकांना चिकटलेल्या वस्तू झटकन अलग केल्याने हवेत लाट उठते, ती कानापर्यंत पोचते आणि आवाज ऐकू येतो, असे तो सांगतो. मग स्वरयंत्राच्या कूर्चा, जीभ, टाळू यांचे वर्णन करतो. तो हकीम होता आणि त्याला कंठाची रचना ठाऊक होती. शेवटच्या प्रकरणात तो आणखी एक पाऊल पुढे जातो. माणसाचा संबंध नसतानाही वस्तूंच्या घर्षणातून आणि आदळण्यातून याच अक्षरांचे आवाज निघू शकतात, हे तो दाखवतो.

हे शेवटचे प्रकरण आम्हाला फार मोलाचे वाटते. अक्षराचा आवाज निर्जीव वस्तूंतूनही निघत असेल, तर नुसत्या आवाजात अर्थ नाही हे उघड होते. कंप आहे, लाट आहे, पण ती हवेची आहे. अर्थ दुसरीकडून येतो.

धर्मचर्चेतही हाच भेद आला. कुरआन निर्मित की अनादी, या वादावर ८३३ मध्ये खलिफा मामूनने विद्वानांची चौकशी आरंभली आणि पुढे इमाम अहमद इब्न हंबल यांना फटके खावे लागले. नंतरच्या अशअरी पंथीय विद्वानांनी तोडगा मांडला की अल्लाहचा कलाम म्हणजे अर्थ, तो अनादी आहे; आपल्या तोंडातून निघणारा आवाज आणि कागदावरची शाई ही मात्र निर्मित आहे. हंबली विद्वानांना हे मान्य झाले नाही. हा वाद आम्ही येथे सोडवू पाहत नाही. एवढेच लक्षात घ्यावे, की आवाज म्हणजे काय आणि अर्थ म्हणजे काय हा प्रश्न विचारणे हे आपल्या परंपरेत कधीच पाप नव्हते.

अक्षरांसाठी सांडलेले रक्त

अक्षरांच्या गूढ बळावरचा विश्वास याने मावळला नाही. इब्न अरबीने (मृत्यू १२४०) २८ अक्षरांना अस्तित्वाच्या २८ पायऱ्यांशी जोडले आणि अक्षरे ही स्वतःच एक उम्मत आहे असे म्हटले. ज्या 'कुन' या एका शब्दाने सृष्टी झाली, त्याचा पडसाद त्याला प्रत्येक अक्षरात ऐकू येत होता. त्याच्या लेखी हे ज्ञान साधनेचे होते. अहमद अल-बूनीच्या नावाने चालणाऱ्या 'शम्सुल मआरिफ'सारख्या ग्रंथांनी मात्र त्याचे चौकोनी कोष्टकांत रूपांतर केले. आपल्या बाजारात मिळणाऱ्या तावीजांच्या पुस्तकांतली कोष्टके त्याच जातीची आहेत.

या विचाराचे सर्वांत धगधगते पर्व हुरूफींचे होय. फजलुल्लाह अस्तराबादी हा चौदाव्या शतकातला इराणी दरवेश टोप्या शिवून पोट भरी. दुसऱ्याच्या घासाला तो शिवत नसे म्हणून लोक त्याला 'हलालखोर', म्हणजे कष्टाचे खाणारा, म्हणत. मुंबईत हाच शब्द सफाई कामगारांसाठी रूढ झाला आणि नगरपालिकेच्या एका कराच्या नावातही जाऊन बसला. आवाज तोच, अक्षरे तीच; माणसे बदलली आणि अर्थ बदलला. खुद्द फजलुल्लाहला हे उदाहरण आवडले नसते.

त्याचे सांगणे असे, की अल्लाह अक्षरांतून प्रकट होतो आणि ती अक्षरे माणसाच्या चेहऱ्यावर लिहिलेली आहेत. डोक्याच्या केसांची एक, दोन भुवया आणि पापण्यांच्या चार, अशा सात रेषा घेऊन मनुष्य आईच्या पोटातून येतो. सातला चार तत्त्वांनी गुणले की २८, म्हणजे अरबी अक्षरे. केसांचा मधला भांग धरला की आठ रेषा. त्यांना चारने गुणले की ३२, म्हणजे फारसी अक्षरे. पे, चे, झे आणि गाफ ही चार अक्षरे अरबीत नाहीत, फारसीत आहेत. म्हणून फारसीत सृष्टीचे रहस्य पूर्ण होते. त्याने आपला 'जाविदाननामा' फारसीत आणि आपल्या गावच्या अस्तराबादी बोलीत लिहिला. गणित भाबडे आहे. पण त्यामागची ऊर्मी भाबडी नव्हती. आपल्या आईच्या भाषेलाही अल्लाहच्या दरबारात जागा आहे आणि प्रत्येक माणसाचा चेहरा ही एक पाक किताब आहे, हे तो सांगत होता.

सत्तेला हे मानवले नाही. १३९४ मध्ये तैमूरचा मुलगा मीरानशाह याने नखचिवानजवळच्या अलिंजा किल्ल्यात फजलुल्लाहला ठार केले. त्याचा शिष्य, तुर्की आणि फारसीचा मोठा कवी नसीमी, याची पंधराव्या शतकाच्या आरंभी हलब शहरात हत्या झाली. जिवंतपणी कातडी सोलली, असे परंपरा सांगते. १४२७ मध्ये हेरातच्या मशिदीत सुलतान शाहरुखवर एका हुरूफीने सुऱ्याने वार केला. सुलतान वाचला आणि हुरूफींची कत्तल सुरू झाली. उस्मानी राज्यात, एदिर्ने शहरात, एका हुरूफी दरवेशाने तरुण सुलतान मेहमदचे मन जिंकले होते. मुफ्ती फखरुद्दीन अजमी याने त्याला साथीदारांसह जाळायला लावले. चिता फुंकताना मुफ्तीची स्वतःचीच दाढी होरपळली, अशी कथा उस्मानी इतिहासात नोंदली आहे.

हुरूफींची अक्षरे त्यांच्या गळ्यावरचा सुरा थांबवू शकली नाहीत. तरीही त्या अक्षरांनी राजे हादरले. ती हवेतून थेट हादरवत नव्हती. ती माणसांना समजली, त्यांच्या मनात उतरली, म्हणून हादरा बसला.

कोणीच न बोललेली भाषा

ज्या एदिर्ने शहरात ती चिता पेटली, त्याच शहरात सुमारे शतकानंतर, १५२८ मध्ये, मुही गुलशनी जन्मला. पुढे तो कैरोला गेला आणि बाब जुवैलाजवळच्या गुलशनी खानकाहीत रमला. आपल्या सिलसिल्याचे मूळ पीर इब्राहिम गुलशनी यांचे चरित्र त्याने लिहिले. पण त्याचे सर्वांत अद्भुत काम वेगळेच. त्याने एक संपूर्ण नवी भाषा रचली. तिचे नाव 'बालैबलन'. 'मुही' म्हणजे जीव देणारा, आणि त्या भाषेत तिच्या नावाचा अर्थ 'जीव देणाऱ्याची भाषा' असा होतो. कर्त्याचे नाव आणि अल्लाहचा गुण दोन्ही त्यात गुंफले आहेत.

ही भाषा अरबी लिपीत लिहिली जाई. तिचे शब्द बहुतांशी नव्याने घडवलेले. व्याकरणाची घडण मात्र तुर्की, फारसी आणि अरबीच्या धाग्यांची. तिचा शब्दकोश अरबी, फारसी आणि तुर्की अर्थांसह लिहिला गेला. झामेनहॉफने एस्पेरांतो ही भाषा १८८७ मध्ये जगापुढे ठेवली. त्याआधी सुमारे तीनशे वर्षे कैरोच्या एका दरवेशाने हे केले होते. पॅरिसमधल्या हस्तलिखितावर फ्रेंच पंडित सिल्व्हेस्त्र द सासी याने १८१३ मध्ये लेख लिहिला तेव्हा युरोपाला या भाषेची ओळख झाली. २००५ मध्ये इस्तंबूलच्या मुस्तफा कोच यांनी तिच्यावरचा आपला ग्रंथ प्रसिद्ध केला आणि तिचा कर्ता म्हणून मुहीचे नाव ठळकपणे पुढे आले.

बाजाराच्या, दरबाराच्या आणि शिव्यांच्या वापराने न मळलेली भाषा, अध्यात्माच्या अनुभवासाठी कोरा ठेवलेला शब्द, असा हा प्रयत्न दिसतो. ज्या मागणीचा जाबिरने हिशेब मांडला आणि जिच्यासाठी हुरूफी मेले, तीच मागणी मुहीने सर्वांत नेटाने पुरी करू पाहिली. भाषा तयार झाली. पण ती बोलायला गाव नव्हते. तिच्यात कोणी भांडले नाही, कोणी अंगाई म्हटली नाही, भाजी महाग झाली म्हणून कोणी कुरकुरले नाही. हस्तलिखिते राहिली, भाषा राहिली नाही. जीव देणाऱ्याच्या भाषेला जीव देणारी माणसे मिळाली नाहीत.

येथे आपल्या मातीतली एक गोष्ट आठवते. मुही कैरोत आपला शब्दकोश रचून गेला, त्यानंतरच्या काही दशकांत श्रीगोंद्याच्या शेख महंमदांनी 'योगसंग्राम' लिहिला. विषय तोच, आत्म्याचा आणि परमेश्वराचा. त्यांनी नवी भाषा शोधली नाही. शेतात आणि ओसरीवर बोलली जाणारी मराठी घेतली. मुहीची भाषा आज पंडितांच्या टेबलावर आहे, शेख महंमदांची आपल्या तोंडी आहे.

आकड्यांचा करार

आता पुन्हा आपल्या उंबऱ्यापाशी येऊ. आपल्या चौकटींवर, रिक्षांवर, दुकानाच्या वहीच्या पहिल्या पानावर ७८६ असते. अबजद पद्धतीने 'बिस्म'चे १०२, 'अल्लाह'चे ६६, 'अर्रहमान'चे ३२९ आणि 'अर्रहीम'चे २८९, मिळून ७८६. हिशेब बरोबर आहे. पण 'रहमान'मधला लांब 'आ' उच्चारला जातो आणि रूढ लिखाणात पूर्ण अलिफ म्हणून लिहिला जात नाही. तो मोजला तर ७८७ होतात. शिवाय मोरोक्को आणि आसपासच्या मगरिबी प्रदेशात अबजदची मूल्ये थोडी वेगळी आहेत. तिथे 'सीन'चे ६० नसून ३०० धरतात. त्या हिशेबाने तोच बिस्मिल्लाह १०२६ होतो. अल्लाह एक, कलाम एक आणि आकडे दोन! म्हणजे हा आकडा सृष्टीत कोरलेला नाही. माणसांनी आपसात केलेला तो एक करार आहे. ज्या प्रदेशाचा करार वेगळा, तिथला आकडा वेगळा.

आपल्या मराठीची तर गोष्टच निराळी. अरबीत अक्षरे २८, फारसीत ३२. उर्दूने त्यात आणखी भर घातली, पण आपला 'ळ' कोणाच्याच यादीत नाही. म्हणून उर्दूत धुळ्याचे धुलिया होते आणि जळगावचे जलगांव. 'ळ'ला लामचेच ३० द्यावे लागतात. मग 'काल' आणि 'काळ' दोन्ही ५१! गेलेला दिवस आणि येणारा मृत्यू यांत अबजदला फरक करता येत नाही. आपल्या कोणत्याही पोराला तो करता येतो.

अलीकडे हीच जुनी समजूत मोबाइलवरून विज्ञानाचा अंगरखा घालून येते. अमुक पवित्र शब्द म्हणा, पाण्यात सुंदर आकृती उमटते, असे संदेश सर्व धर्मांच्या लोकांत फिरतात. धातूच्या पत्र्यावर वाळू टाकून आवाजाने आकृती उमटतात हे खरेच आहे. जर्मन संशोधक क्लाड्नी याने १७८७ मध्येच ते छापून दाखवले. पण आकृती ठरते ती पत्र्याच्या आकारावर, जाडीवर आणि स्वराच्या उंचीवर. एकाच स्वरात दुवा म्हटली वा शिवी दिली, तरी वाळूला त्यांच्या अर्थातला फरक कळत नाही. तो कळतो फक्त माणसाला.

इब्न खल्दूनने १३७७ च्या आपल्या 'मुकद्दिमा'त अक्षरविद्येवर सविस्तर लिहिले आहे. त्या काळी प्रश्नाच्या अक्षरांतून उत्तर काढणारे 'जाइरजा' नावाचे एक चक्र प्रसिद्ध होते. त्याने त्याची पद्धत नीट तपासली आणि निकाल दिला, की प्रश्नातल्या शब्दांशी जुळणारे शब्द त्यातून निघू शकतात, पण भविष्यातले गैब त्यातून कळत नाही. सहाशे वर्षांपूर्वीच्या एका काजीला जे दिसले, ते आपल्याला दिसू नये?

शब्दात बळ नाही असे आम्हाला म्हणायचे नाही. आजाऱ्याच्या उशाशी बसून म्हटलेली दुवा त्याला धीर देते, हे आम्ही पाहिले आहे. दादीचा हात कपाळावर असताना ताप सोसायला सोपा वाटे. पण ते बळ समजण्याचे आणि आपलेपणाचे आहे. जो शब्द समजतो, तो माणसाला हलवतो आणि माणूस जग हलवतो. जो नुसता लिहून पाण्यात विरघळवला, तो पाणी पिवळे करतो.

फुफी आता सत्तरीत आहे. शाळा अर्ध्यात सुटली होती, अक्षरओळख लग्नानंतर पुन्हा पक्की केली. दुपारी शेजारच्या चार-पाच बायका तिच्याकडे जमतात. ती आधी अरबीत तिलावत करते, मग चष्मा सारखा करून त्याच आयतींचा मराठी अर्थ वाचून दाखवते. ओळीवरून सरकणारी तिची दोन बोटे आखडलेलीच आहेत. मध्येच एखादी बाई थांबवून विचारते, "फुफी, याचा मतलब काय?" मग फुफी थांबते, पान मागे उलटते आणि तेवढे पुन्हा वाचते.

बशी अजून तिच्या घरी आहे. आम्ही गेलो की त्यात खजूर ठेवून आमच्यापुढे करते.